मेक्सिकन टीव्हीच्या जुन्या टेपा आणि आपले वसंतराव साठे

मध्यंतरी एक मित्र दूरदर्शनच्या सुरुवातीच्या मालिकांवर छोटीशी डॉक्युमेंटरी करत होता, रिसर्चचं काम माझ्या गळ्यात पडलं आणि 'हम लोग'चा धागा ओढता ओढता मी पोचलो थेट मेक्सिकोला. मित्राची फिल्म राहिली बाजूलाच (पैसे संपले, नेहमीचंच), पण मला मेक्सिकन टीव्हीचं वेड लागलं ते लागलंच. मालिकांचं नाही हं. त्या टीव्हीचा इतिहास जपायला निघालेल्या डॉक्युमेंटरीवाल्याच्या वाटेत काय काय आडवं येतं, त्याचं.

आधी आपला धागा सांगून टाकतो. १९८२ साली वसंत साठे मेक्सिकोला गेले होते. वर्ध्याचे खासदार आणि इंदिराबाईंच्या सरकारात माहिती आणि नभोवाणी मंत्री. गरीब देशाला रंगीत टीव्ही कशाला हवा म्हणून लोक ओरडत असताना एशियाडच्या निमित्ताने तो आणलाच, तेच हे साठे. मेक्सिकोत त्यांनी बघितलं की तिथे टीव्हीवरच्या रडक्या मालिकांमधून लोकांना कुटुंब नियोजन आणि साक्षरता शिकवली जातेय, आणि लोक कंटाळत नाहीयेत, उलट रोज संध्याकाळी ठाण मांडून बसतायत. त्यातून पुढे ७ जुलै १९८४ ला 'हम लोग' सुरू झालं. एपिसोडच्या शेवटी अशोककुमार येऊन दोन शब्द बोलायचे ना, 'छन्न पकैया' वगैरे, ती त्यांची स्टाईल होती, पण शेवटी कुणीतरी मान्यवर माणसाने येऊन गोष्टीबद्दल बोलायचं ही पद्धत मात्र मेक्सिकोची.

पद्धत काढणारा माणूस मिगेल साबिदो. मूळचा नाटकवाला, नंतर तेलेविसा या मेक्सिकोच्या बड्या टीव्ही कंपनीत रिसर्च बघायला लागला. १९६९ साली पेरूमध्ये 'सिंप्लेमेंते मारिया' नावाची मालिका तुफान चालली होती, त्यातली घरकाम करणारी पोरगी सिंगरच्या मशीनवर शिवण शिकून वर येते, आणि ते बघून तिकडच्या बायका शिवणाच्या आणि लिहाय-वाचायच्या वर्गांना जायला लागल्या, सिंगरच्या मशीनचा खप वाढला तो वेगळाच. साबिदोने ते पाहिलं आणि म्हणाला, हे जर चुकून होत असेल तर ठरवून का नाही करायचं. मग १९७५-७६ ला प्रौढ साक्षरतेवर 'वेन कोन्मीगो', १९७७-७८ ला कुटुंब नियोजनावर 'आकोम्पान्यामे'. फॉर्म्युला असा, की एक पात्र चांगलं, एक वाईट, आणि तिसरं मधलं, जे आधी चुकतं मग हळूहळू सुधारतं. प्रेक्षकाने त्या तिसऱ्याचा हात धरायचा. 'वेन कोन्मीगो'मध्ये एकदा पुस्तिका कुठे मिळतील ते सांगितलं तर दुसऱ्या दिवशी मेक्सिको सिटीत हजारो लोकांची रांग लागली आणि रस्ते जाम झाले. आपल्याकडे मात्र 'हम लोग'मधला कुटुंब नियोजनाचा डोस पहिल्या तेरा भागांनंतर पातळ करावा लागला, लोकांना तो उपदेश पचेना, गोष्ट मात्र आवडली.

तर मी साबिदोच्या त्या मालिका शोधायला लागलो. पेपर मिळाले ढिगाने, पीएचड्या मिळाल्या, आकडेवारी मिळाली, तक्ते मिळाले. प्रत्यक्ष मालिका म्हणाल तर कुणाच्यातरी लेक्चरमध्ये दाखवलेले मिनिट-दोन मिनिटांचे तुकडे. ज्या गोष्टीवर इतकं लिहिलं गेलं तीच बघायला मिळू नये, हे मला जाम खटकलं. आणि एकदा खटकलं म्हटल्यावर मी आणखी मागे गेलो.

मेक्सिकोत टीव्ही सुरू झाला त्याची गोष्ट पण ऐकण्यासारखी आहे. १९४७ मध्ये राष्ट्राध्यक्ष मिगेल आलेमान यांनी दोन माणसांना युरोप-अमेरिकेत पाठवलं, बघून या म्हणे कुठलं मॉडेल घ्यावं, बीबीसीसारखं सरकारी की अमेरिकेसारखं खाजगी. त्यातला एक साल्वादोर नोवो, कवी, तिखट जिभेचा लेखक, आणि दुसरा गियेर्मो गोन्झालेझ कामारेना, इंजिनियर. एकाने कार्यक्रमांचं बघायचं, दुसऱ्याने तंत्राचं. नोवोला बीबीसीची तऱ्हा बरी वाटली होती, पण निर्णय झाला जाहिरातींच्या बाजूने, तो बहुतेक आधीच झालेला असावा, कमिट्या कशासाठी असतात ते आपल्याला सांगायला नको. ३१ ऑगस्ट १९५० ला चॅनेल ४ चं उद्घाटन झालं, मालक रोमुलो ओ'फारिल, पेपरवाला. स्टुडिओ कुठे, तर राष्ट्रीय लॉटरीच्या बिल्डिंगमध्ये वरच्या मजल्यांवर. आणि दुसऱ्याच दिवशी, १ सप्टेंबरला, काय दाखवलं? राष्ट्राध्यक्षांचं वार्षिक भाषण. पुढच्या चाळीस-पन्नास वर्षांचं नातं तिथेच कळतं. मग १९५१ ला रेडिओसम्राट एमिलियो आस्कारागा विदाउरेता यांचं चॅनेल २ आलं, १९५२ ला कामारेनांचं चॅनेल ५, आणि तिघांनाही एकेकट्याने परवडेना म्हणून १९५५ ला तिन्ही एकत्र येऊन तेलेसिस्तेमा मेहिकानो झाली. तिचीच १९७३ ला आणखी एका कंपनीशी मोट बांधून तेलेविसा. मध्ये १९५९ ला एका तांत्रिक शिक्षण संस्थेने चॅनेल ११ सुरू केलं, लॅटिन अमेरिकेतलं पहिलं शैक्षणिक चॅनेल. ते आजही चालू आहे, पण त्या काळी सिग्नल इतका अशक्त की ते बघणं म्हणजे तपश्चर्याच.

कामारेनांबद्दल जरा थांबून सांगतो, कारण हा माणूस मला फार आवडला. १९१७ चा जन्म, ग्वादालाहाराचा. लहानपणापासून भंगारातून रेडिओ जोडणारा. १९४० साली, वय वर्षं तेवीस, त्याने रंगीत टीव्हीच्या एका पद्धतीचं मेक्सिकन पेटंट घेतलं, १९४२ ला अमेरिकेतलंही मिळालं. पद्धत सोपी आहे समजायला. कॅमेऱ्यासमोर लाल, हिरव्या, निळ्या काचांची फिरती चकती, तशीच चकती टीव्हीसमोर, दोन्ही एका लयीत फिरवायच्या, डोळा तिन्ही रंग एकत्र करून घेतो. मेक्सिकोत तुम्ही कुणालाही विचारा, ते सांगणार रंगीत टीव्ही आमच्या माणसाने शोधला. आता खरं बघायला गेलं तर स्कॉटलंडच्या बेअर्डने १९२८ लाच फिरत्या चकतीतून रंगीत चित्र दाखवलं होतं, आणि अमेरिकेत सीबीएस या टीव्ही-रेडिओ कंपनीचा पीटर गोल्डमार्क १९४० मध्ये तेच करत होता. मग 'एकट्याने शोधला' हे काही खरं नाही. पण भंगारातल्या सामानावर, स्वतःच्या खर्चाने, त्या मोठ्या लॅबवाल्यांच्या बरोबरीने तो तिथे पोचला हे तर खरंच आहे ना, मला तेवढं पुष्कळ वाटतं. आणि पैसे कुठून आणायचा? गाणी करून! 'रिओ कोलोरादो' नावाचं त्याचं गाणं बऱ्यापैकी गाजलं होतं. त्याचा भाऊ होर्हे मोठा भित्तिचित्रकार, मेक्सिकोच्या सरकारी शाळांच्या फुकट पुस्तकांवर कित्येक वर्षं जी बाई होती, हातात झेंडा घेतलेली मातृभूमी, ती या भावाची. म्हणजे एका पिढीची पुस्तकं एका भावाची आणि टीव्ही दुसऱ्याचा.

१९४६ ला कामारेनांनी मेक्सिको सिटीत हावर रस्त्यावरच्या आपल्या लॅबमधून प्रायोगिक प्रक्षेपण सुरू केलं, दर शनिवारी, बघणारे म्हणजे मोजके हौशी लोक. चॅनेल ५ च्या कॉल साईनमधली, म्हणजे स्टेशनच्या सांकेतिक नावातली, शेवटची दोन अक्षरं, जीसी, ही त्याच्याच नावाची. १९६३ ला त्या चॅनेलवर 'पाराईसो इन्फान्तील' हा मुलांचा कार्यक्रम रंगीत दाखवला. आणि दोन वर्षांनी, १८ एप्रिल १९६५, वेराक्रूझकडचा एक रिपीटर टॉवर (सिग्नल पुढे पाठवणारा) बघून परत येताना गाडीला अपघात होऊन गेला. ४८ वर्षांचा होता. हे सगळं सांगायचं कारण असं की त्याच्या यंत्रांचे फोटो आहेत, पेटंटची ड्रॉइंग्स आहेत, पण त्या शनिवारी लॅबमधून जे दिसलं ते काहीच उरणं शक्य नव्हतं, कारण ते साठवायचं साधनच तेव्हा नव्हतं.

इथेच डॉक्युमेंटरी करणाऱ्याची खरी पंचाईत सुरू होते. सिनेमावर डॉक्युमेंटरी करायची तर निदान रीळ असतं, जळकं असेल, फाटकं असेल, पण असतं. (तेही जळतंच म्हणा. २४ मार्च १९८२ ला मेक्सिकोच्या सिनेतेका नासिओनालला, म्हणजे राष्ट्रीय फिल्म संग्रहालयाला, आग लागली आणि हजारो फिल्म्स गेल्या. आपल्याकडे जानेवारी २००३ मध्ये पुण्यात एफटीआयआयच्या व्हॉल्टला लागलेली आग आठवत असेल, प्रभातचा जुना ठेवा होता त्यात.) टीव्हीचं मात्र तसं नाही. सुरुवातीचा टीव्ही हवेत गेला आणि हवेतच संपला. १२ जून १९५८ ला 'सेंदा प्रोहिबिदा' सुरू झाली, मेक्सिकोची पहिली रोजची तेलेनोवेला (तिकडे टीव्हीवरच्या रडक्या मालिकेला हेच म्हणतात) म्हणून जिचं नाव घेतात. फेर्नांदा बियेलीने लिहिलेली, कोलगेटने पैसे घातलेले, नायिका सिल्विया देर्बेस. रोज संध्याकाळी लाईव्ह. आज जे टिकून आहे ते म्हणजे फोटो, पेपरातली कात्रणं आणि काम केलेल्यांच्या आठवणी. ज्या मालिकेपासून अख्खा धंदा उभा राहिला, ज्या धंद्याची मालिका पुढे मॉस्कोपर्यंत जाऊन रस्ते ओस पाडत होती, ती पहिली मालिकाच बघायला नाही.

मग टेप आली. १९५६ मध्ये अँपेक्स या अमेरिकन कंपनीने पहिलं चालणारं व्हिडिओ टेप मशीन विकायला काढलं. टेप दोन इंच रुंद, सेकंदाला पंधरा इंच पळणार, म्हणजे एका तासाला साडेचार हजार फूट. रीळ उचलायला माणूस दणकट हवा. एका तासाच्या टेपची किंमत तेव्हा तीनशे डॉलरच्या घरात. आता तुम्हीच सांगा, चॅनेलचा मॅनेजर काय करणार? कालचा एपिसोड दाखवून झालाय, जाहिरातीचे पैसे आलेत, टेप चांगली आहे, पुसा आणि वापरा. शिव्या घालायला सोपं आहे, मी त्या खुर्चीत असतो तर मीही तेच केलं असतं. एडिटिंग पण कसलं, टेपवर लोखंडाच्या भुकटीचं द्रावण लावायचं म्हणजे ट्रॅक दिसतात, मग भिंगाखाली बघून ब्लेडने कापायची आणि चिकटवायची. कापलेली टेप पुन्हा वापरायच्या लायकीची राहत नाही, म्हणून कापायलाही साहेबाची परवानगी. आज टाईमलाईनवर बोट सरकवून कट मारणाऱ्या पोरांना हे सांगितलं तर त्यांना वाटतं मी थापा मारतोय.

आणि जी टेप वाचली तीही सुखात नाही. सत्तर-ऐंशीच्या दशकातल्या कित्येक टेपांचा गोंद हवेतलं पाणी पिऊन चिकट होतो, मशीनवर लावली की हेडवर (टेप वाचणाऱ्या भागावर) लगदा बसतो आणि टेप करकरत थांबते. त्यावर उपाय म्हणजे ओव्हनमध्ये पन्नासेक डिग्रीला तासन् तास ठेवून सुकवायची, आपण गच्चीवर सांडगे वाळवतो तशी. वाळली की थोडे दिवस चालते, तेवढ्यात कॉपी करून घ्यायची. पण कॉपी करायला ते दोन इंची मशीन तरी चालू हवं ना, त्याचे हेड घासलेले, पार्ट मिळत नाहीत, दुरुस्त करणारा रिटायर होऊन गावी गेलेला. माझा एक ओळखीचा इकडे यू-मॅटिक नावाच्या जुन्या व्हिडिओ कॅसेटी ट्रान्सफर करतो, तो म्हणतो टेपांपेक्षा मशीन आधी मरणार, आणि मशीनच्याही आधी ते चालवणारी माणसं.

माणसांवरून आठवलं. मेक्सिकन तेलेनोवेलांमध्ये एक भन्नाट प्रकार होता, बरीच वर्षं चालला. नटांच्या कानात एक इवलंसं यंत्र घालायचे, त्याला तिकडे 'चिचारो' म्हणतात, वाटाणा. आत केबिनमध्ये बसलेला माणूस त्यातून नटाला वाक्य सांगायचा, सगळ्यांची सगळी वाक्यं, वर आता उठ, आता दाराकडे जा, आता रड. नटाने ऐकायचं आणि लगेच बोलायचं. म्हणूनच रोजचा एपिसोड रोज काढणं जमायचं, पाठांतराला वेळच नको. तुम्ही त्या मालिका बघाल तर वाक्याआधी एक बारीक थांबणं दिसतं, नजर क्षणभर कुठेतरी हरवते, आणि प्रेक्षक समजतो काय दर्दभरा अभिनय आहे! आता यातली मेख बघा. टेप सापडली, वाळवली, साफ केली, फोर-के मध्ये स्कॅन केली, तरी त्या केबिनमधल्या माणसाचा आवाज त्यात नाहीये. तो फक्त नटाच्या कानात होता. ज्या आवाजाने अख्खी इंडस्ट्री चालवली तो कुठल्याही टेपवर नाही. त्यासाठी त्या माणसांना शोधून, कॅमेऱ्यासमोर बसवून बोलतं करावं लागतं, आणि ते जिवंत असेपर्यंतच. मी जर अशी डॉक्युमेंटरी करायला बसलो तर पहिलं शूटिंग यांचं करीन, हिरोइनी नंतर.

आता एक टेप जी उरली. १९ सप्टेंबर १९८५. सकाळचा शो 'ओय मिस्मो', लाईव्ह चालू. लुर्देस गेरेरो टेबलाशी बसलीये, बोलता बोलता तिला जाणवतं. वरचे दिवे हलायला लागतात. ती म्हणते, भूकंप होतोय, अगदी थोडासा होतोय, घाबरू नका, वेळ सांगते, सकाळचे सात, आणि मध्येच तोंडातून निघतं 'आ चिवावा', आपल्याकडे 'अरे बापरे' म्हणावं तसं, मग परत सावरून सात एकोणीस मिनिटं बेचाळीस सेकंद. हात टेबलाला धरलेले. चेहऱ्यावर हसू ठेवायचा प्रयत्न. आणि काही क्षणांत चित्र जातं. आठ रिश्टरच्या वरचा तो भूकंप, हजारो माणसं मेली, चापुल्तेपेक रस्त्यावरच्या तेलेविसाच्या इमारतीचा मोठा भाग कोसळला, त्यात कंपनीची माणसं गेली. तो तुकडा मी कितीतरी वेळा बघितलाय आणि दरवेळी माझं लक्ष तिच्या घड्याळ सांगण्यावरच अडकतं. खालची जमीन हलतेय आणि बाई सेकंदासकट वेळ सांगतेय, कारण सकाळच्या शोमध्ये वेळ सांगणं हे तिचं काम.

आणि त्याच सकाळची दुसरी रेकॉर्डिंग टीव्हीची नाहीच. हाकोबो साब्लुदोव्स्की, '२४ ओरास' या रात्रीच्या बातम्यांचा चेहरा, १९७० पासून १९९८ पर्यंत. सरकारची बातमी सरकारला हवी तशी देणारा म्हणून लोकांनी त्याला आयुष्यभर बोल लावले, आणि ते उगाच नव्हते. पण त्या सकाळी टीव्ही बंद पडलेला, तर हा माणूस गाडीत बसला, गाडीत तेव्हा दुर्मिळ असलेला फोन होता, त्यावरून रेडिओला जोडून घेतलं आणि शहरभर फिरत जे दिसेल ते सांगत सुटला. ही बिल्डिंग पडलीये, हे हॉटेल पडलंय, इथे माणसं ढिगाऱ्यावर चढलीयेत. मग तो स्वतःच्या ऑफिससमोर येतो आणि आवाज फुटतो त्याचा, ज्या जागेत घरापेक्षा जास्त तास काढले ती समोर पडलेली. लोक म्हणतात त्याने आयुष्यात केलेली सगळ्यात चांगली पत्रकारिता ती, आणि मला पटतं. म्हणजे मेक्सिकन टीव्हीच्या सगळ्यात मोठ्या माणसाचा सगळ्यात मोठा दिवस रेडिओवर जपला गेला.

आता दिग्दर्शकांकडे येतो. मेक्सिकोत हा इतिहास फिल्ममध्ये धरणारे ढोबळमानाने दोन प्रकारचे दिसतात मला. एक, ज्यांच्याकडे गोदामाची किल्ली आहे. इतिहासकार एनरिके क्राउझे यांची 'क्लिओ' ही संस्था, नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला तेलेविसाच्या दुसऱ्या आस्कारागांबरोबर, 'एल तिग्रे' म्हणायचे त्यांना, सुरू झालेली. त्यांनी १९९८ पासून विसाव्या शतकातल्या मेक्सिकोवर डॉक्युमेंटऱ्यांची रांगच लावली, त्या तेलेविसावरच दाखवल्या. मेहनत आहे, जुनं फुटेज चिक्कार आहे, मला त्या बघायला आवडतात. पण गोदाम ज्याचं त्याच्या अंगणात उभं राहून त्याच्याबद्दल किती बोलणार. हा एल तिग्रे उघड म्हणायचा की मी सत्ताधारी पक्षाचा सैनिक आहे, आणि १९९३ साली तर म्हणाला की मेक्सिको हा पिचलेल्या गरीब माणसांचा देश आहे, ते काही त्यातून वर येणार नाहीत, त्यांची करमणूक करणं टीव्हीचं काम. (त्याचा मूळ शब्द यापेक्षा बराच शिवराळ होता.) अशा माणसाची गोष्ट त्याच्याच पडद्यावर पूर्ण कशी येणार?

दुसरे, ज्यांच्याकडे किल्ली नाही. 'कानाल सेइस दे हुलियो' म्हणून एक गट आहे, कार्लोस मेंदोसा त्याचा दिग्दर्शक. नावाचा अर्थ ६ जुलैचं चॅनेल. ६ जुलै १९८८ ची निवडणूक, मतमोजणी चालू असताना सरकारी कॉम्प्युटर 'बंद पडला' आणि परत चालू झाला तेव्हा सत्ताधारी उमेदवार पुढे, ती. टीव्हीने त्यावर जे दाखवलं नाही ते यांनी व्हिडिओवर दाखवायला सुरुवात केली. प्रक्षेपण नाही, टॉवर नाही, लायसन्स नाही. व्हीएचएस कॅसेटी. या हातातून त्या हातात, सभांमध्ये विकत, घराघरात कॉपी होत. पुढे १९६८ च्या तलातेलोल्को हत्याकांडावर त्यांनी केलं, आणि तेलेविसाच्या दादागिरीवरच २००५ मध्ये 'तेलेतिरानिया' नावाची फिल्म केली. चित्राची क्वालिटी काही वेळा रडकी असते, पण टीव्हीने काय वगळलं याचा हिशोब मला त्यांच्याकडेच मिळाला.

तलातेलोल्कोचं तर बघाच. २ ऑक्टोबर १९६८ ला सैन्याने विद्यार्थ्यांवर गोळ्या झाडल्या आणि बरोबर दहा दिवसांनी, १२ ऑक्टोबरला, त्याच शहरात ऑलिंपिक सुरू झालं, जगभर लाईव्ह रंगीत दाखवलेलं पहिलं. कामारेना असता तर केवढा खूश झाला असता. त्या ऑलिंपिकचं फुटेज आज तुम्हाला चकचकीत रंगात हवं तेवढं मिळेल. त्या वर्षीच्या आंदोलनाचं जे आहे ते बरंचसं विद्यापीठात सिनेमा शिकणाऱ्या पोरांनी १६ एमएमवर ब्लॅक अँड व्हाईट शूट करून लपवून ठेवलेलं. टीव्हीवाल्यांकडे तेव्हा कॅमेरे नव्हते असं थोडंच आहे.

हे दोन गट एकमेकांना पाण्यात बघतात, पण पूर्ण गोष्ट हवी असेल तर दोघांच्याही कॅसेटी घेऊन बसावं लागतं. मी तर एका मॉनिटरवर क्लिओची आणि दुसऱ्यावर मेंदोसांची लावून बघितली, एकाच वर्षाबद्दलच्या, आणि खरंच कधीकधी वाटतं दोन वेगळे देश आहेत.

राजकारण सोडा, साध्या गोष्टींचं तरी काय? 'एन फामिलिया कोन चाबेलो' नावाचा मुलांचा कार्यक्रम दर रविवारी सकाळी, १९६७ ते २०१५. अठ्ठेचाळीस वर्षं! चाबेलो म्हणजे हाफ चड्डीतला मोठ्ठा बाप्या, लहान मुलाच्या आवाजात बोलणारा, शेवटी ऐंशीचा झाला तरी चड्डी तीच. त्यात 'काताफिक्सिया' असायची, मुलाने जिंकलेलं बक्षीस हातात ठेवायचं की पडद्यामागच्या अनोळखी वस्तूशी बदलायचं. घरी सोफासेट नेणारं पोरगं एका क्षणात भंगार घेऊन रडत जायचं आणि अख्खा देश हसायचा. २०२३ च्या मार्चमध्ये चाबेलो गेला तेव्हा पन्नाशीचे बाप्ये सोशल मीडियावर लिहीत होते की मी त्या स्टुडिओत गेलो होतो, माझी सायकल काताफिक्सियात गेली. मला वाटलं, अरे हेच तर शूट करा कुणीतरी! ती सायकल गेलेली माणसं शोधा, त्यांच्या आयांना विचारा.

अशा वेळी घरगुती रेकॉर्डिंगवाल्यांचं महत्त्व कळतं. बीबीसीने आपल्या 'डॉक्टर हू' या गाजलेल्या मालिकेचे एपिसोड असेच पुसले होते, आणि २०१३ मध्ये त्यातले नऊ सापडले ते नायजेरियात, एका टीव्ही स्टेशनवर धूळ खात. परदेशी विकलेली कॉपी वाचते, घरची मरते. मेक्सिकोने तर अख्ख्या लॅटिन अमेरिकेला मालिका विकल्या, त्यामुळे शोधणाऱ्याने मेक्सिकोबाहेरची गोदामंही धुंडाळावीत. आणि हौशी लोक ज्या व्हीएचएस अपलोड करतात त्यात मधल्या जाहिराती असतात, चॅनेलची घोषणा असते, हवामान असतं. डॉक्युमेंटरीवाल्याला एपिसोडपेक्षा ते जास्त कामाचं, कारण कंपनीने जपलेल्या मास्टर टेपमध्ये जाहिराती नसतात. तुमच्याकडे दूरदर्शनच्या जुन्या कॅसेटी असतील तर कृपा करून जाहिराती कापू नका, एवढी एक विनंती.

हक्कांचा घोळ त्याहून वेगळा. 'एल चावो देल ओचो' हे मेक्सिकन टीव्हीचं सगळ्यात लाडकं अपत्य, पिंपात लपणारा अनाथ पोरगा आणि चाळीतले शेजारी, लिहिणारा आणि चावो झालेला माणूस एकच, रोबेर्तो गोमेझ बोलान्योस, लोक त्याला चेस्पिरितो म्हणायचे. सत्तरच्या दशकातली मालिका, ब्राझीलपासून पेरूपर्यंत पिढ्यान् पिढ्या रोज बघत आलेली. ३१ जुलै २०२० ला ती जगभरातून एकदम बंद. टेपा तेलेविसाच्या, पात्रं आणि स्क्रिप्टं लेखकाच्या घरच्यांची, करार संपला, पैशावर जमलं नाही. टेपा शाबूत, कुठेही आग नाही, भूकंप नाही, बुरशी नाही, तरी कुठल्याच चॅनेलवर नाही. २०२४ मध्ये दोघांचं जुळलं आणि परत दिसायला लागली. मधली चार वर्षं ज्या आज्यांना नातवंडांना चावो दाखवायचा होता त्यांनी काय केलं, तर फुटपाथवर घेतलेल्या पायरेटेड डीव्हीडी काढल्या, नाहीतर कुणीतरी चोरून युट्यूबवर टाकलेले अंधुक एपिसोड, वरच्या कोपऱ्यात कुठल्यातरी दुसऱ्याच देशाच्या चॅनेलचा लोगो असलेले.